तारामतीच्या शोधात

पहिला भारतीय कथापट उभा करताना दादासाहेब फाळके यांची गाठ दोन पूर्वग्रहांशी पडली. एक राज्यकर्त्यांचा होता, दुसरा आपल्याच समाजाचा. पहिल्याला त्यांनी कॅमेऱ्याने उत्तर दिले. दुसऱ्याला मात्र त्यांना वळसा घालावा लागला.

१९१२ साली मुंबईच्या वृत्तपत्रांतून एक जाहिरात प्रसिद्ध झाली. चित्रपटात काम करण्यासाठी नट आणि नट्या हव्या आहेत, असा तिचा आशय होता. पुरुष उमेदवार आले. प्रतिष्ठित घरातील स्त्री मात्र एकही पुढे आली नाही. जाहिरात देणाऱ्या गृहस्थाने मग नायकिणींच्या आणि वेश्यांच्या वस्तीत जाऊन विचारणा केली. तिथेही नकारच मिळाला. एकीने होकार दिला, काही दिवस तालीमही झाली, पण तिच्या मालकाने येऊन तिला परत नेले, असे सांगितले जाते. ज्या व्यवसायाकडे समाज तिरस्काराने पाहत होता, त्या व्यवसायातील स्त्रियांनाही कॅमेऱ्यासमोर उभे राहणे कमीपणाचे वाटत होते. अखेर सत्त्वशील राणी तारामतीची भूमिका ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाच्या वाट्याला आली.

भारतीय चित्रपटाच्या जन्माची ही कथा अनेकदा गमतीने सांगितली जाते. पण त्या गमतीमागे एका समाजाचा स्वभाव दडलेला आहे. परक्यांनी आपल्याकडे तुच्छतेने पाहिले की संतापणारा हा समाज आपल्याच माणसांकडे, विशेषतः आपल्याच स्त्रियांकडे, कोणत्या नजरेने पाहत होता, ते फाळके यांच्या आयुष्यातून स्पष्ट दिसते.

त्र्यंबकेश्वर ते बडोदे

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील संस्कृतचे विद्वान. घरात वेदपठण, पुराणे आणि पौरोहित्याचे वातावरण. वडिलांना मुंबईत संस्कृतच्या अध्यापनाची नोकरी मिळाली आणि कुटुंब मुंबईला आले. मुलाचा ओढा मात्र पोथ्यांपेक्षा चित्रांकडे होता. १८८५ मध्ये त्यांनी सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये प्रवेश घेतला. पुढे थोरल्या भावासोबत ते बडोद्यास गेले आणि सयाजीराव गायकवाड यांच्या संस्थानातील कलाभवनात चित्रकला, छायाचित्रण, छपाई यांचे शिक्षण त्यांनी घेतले.

शास्त्र्याच्या मुलाने हातांनी करायची कामे शिकावीत, रसायनांत बोटे बुडवावीत, हे त्या काळच्या ब्राह्मण घराला रुचण्यासारखे नव्हते. फाळके यांनी ते केले. गोध्रा येथे त्यांनी छायाचित्राचा व्यवसाय सुरू केला. पण प्लेगच्या साथीत पत्नी आणि मूल दोघेही गेले. पुन्हा बडोद्यास येऊन धंदा मांडावा तर तिथे वेगळीच अडचण उभी राहिली. कॅमेऱ्यासमोर बसले की तो माणसाची शक्ती शोषून घेतो आणि माणूस लवकर मरतो, असा समज लोकांत पसरला होता. गिऱ्हाईक फिरकेना. पुढे आयुष्यभर ज्या अविश्वासाशी त्यांना झुंजायचे होते, त्याची ही पहिली ओळख म्हणता येईल.

एका परदेशी जादूगाराच्या सहवासात ते जादूचे खेळ शिकले आणि आपल्या आडनावातील अक्षरे उलटसुलट करून प्रोफेसर केल्फा या नावाने खेळ करू लागले. १९०२ मध्ये त्यांचा दुसरा विवाह झाला. पत्नीचे नाव सरस्वतीबाई. १९०३ मध्ये त्यांना पुरातत्त्व खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून सरकारी नोकरी मिळाली. बंगालच्या फाळणीनंतर देशभर स्वदेशीची लाट उसळली, त्या काळात त्यांनी ही नोकरी सोडली. लोणावळ्यास छपाईचा कारखाना काढला, राजा रविवर्मा यांच्या छापखान्यासाठी काम केले, कारखाना दादरला हलवला, १९०९ मध्ये रंगीत छपाईची यंत्रे पाहण्यासाठी जर्मनीची वारी केली. भागीदारांशी मतभेद झाल्यावर भरात आलेला तो धंदाही सोडून दिला. चाळिशी उलटलेला, पदरी मुलेबाळे असलेला हा गृहस्थ तेव्हा बेकार होता.

गोऱ्यांचा पडदा

मुंबईत हलती चित्रे पहिल्यांदा दाखवली गेली ती ७ जुलै १८९६ रोजी, वॉटसन हॉटेलमध्ये. फ्रान्सच्या ल्युमिए बंधूंच्या प्रतिनिधीने आणलेले हे सहा लघुपट होते. वॉटसन हे युरोपियनांसाठी असलेले हॉटेल. तेव्हा या नव्या कलेचा पहिला प्रेक्षक कोण असणार, हे उघड होते. थोड्याच दिवसांत खेळ नॉव्हेल्टी थिएटरमध्ये हलले आणि चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत तिकिटे ठेवून सर्व थरांतील लोकांना दारे खुली झाली. पडदानशीन स्त्रियांसाठी तिथे वेगळी बैठक होती. म्हणजे सिनेमाच्या पहिल्याच महिन्यात प्रेक्षागृहाची विभागणी वर्ण, पैसा आणि स्त्री-पुरुष अशा तिन्ही रेषांनी झाली होती.

पडद्यावर काय दिसत होते? युरोप-अमेरिकेत तयार झालेल्या त्या काळच्या लघुपटांत हिंदुस्थानी माणूस आला तर तो बहुधा फकीर, गारुडी किंवा जादूगार म्हणून येई. जॉर्ज मेलिएस याने १९०१ मध्ये ब्राह्मण जादूगारावर चित्रफीत काढली. एडिसनच्या कंपनीने १९०२ मध्ये हिंदू फकिराच्या करामतींवर. १९१२ मध्ये एडिसन कंपनीने १८५७ च्या लखनौच्या वेढ्यावर चित्रपट काढला, त्याचे चित्रण तर अटलांटिक महासागरातील बर्म्युडा बेटावर झाले. अमेरिकेत गोरे नट तोंडाला काळे फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करीत होते. ज्यांच्याविषयी चित्र काढायचे त्यांना त्यात स्थान नसणे, ही रीतच होती. १९१५ मध्ये ग्रिफिथच्या ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ने तर कृष्णवर्णीयांविषयीच्या विखाराला भव्य चित्रपटाचे रूप दिले आणि अमेरिकेतील अनेक शहरांत त्याविरुद्ध निदर्शने झाली.

मुंबईत या एकतर्फी पडद्याला पहिला छेद देणारेही मराठीच होते. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी लंडनहून कॅमेरा मागवून १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले. केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत अव्वल येऊन सीनियर रँग्लर ठरलेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ च्या अखेरीस मायदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचा सोहळाही सावेदादांनी टिपला. नेटिवांची बुद्धी दुय्यम मानणाऱ्यांच्या देशात जाऊन पहिला आलेला हिंदुस्थानी तरुण पडद्यावर दिसणे, ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती. मात्र या होत्या घडलेल्या प्रसंगांच्या नोंदी. रचलेली कथा सांगणारा हिंदुस्थानी चित्रपट अजून व्हायचा होता.

ख्रिस्त पाहताना आठवलेला कृष्ण

१९१०-११ च्या सुमारास गिरगावातील अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये फाळके यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरील मूकपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्ताचे चरित्र सरकत असताना आपल्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, गोकुळ, अयोध्या उभे राहत होते, असे त्यांनी पुढे लिहिले आहे. हिंदुस्थानची चित्रे हिंदुस्थानच्या पडद्यावर कधी दिसतील, या प्रश्नाने त्यांना पछाडले. स्वदेशीच्या चळवळीत कापड आणि साखर यांचा विचार झाला होता. आपली प्रतिमाही आपणच तयार केली पाहिजे, हा फाळके यांचा विचार त्यापुढचा होता.

त्यानंतरचे दिवस वेडाचे होते. हाताशी असलेला पैसा चित्रपट पाहण्यात आणि साहित्य जमवण्यात गेला. अपुरी झोप आणि अखंड पाहणे यांमुळे दृष्टी अधू झाली. वैद्यकीय उपचारांनी ती परत आली. सगेसोयऱ्यांनी माणूस बिघडला असे ठरवून टाकले होते. भांडवल मिळावे म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून त्याच्या वाढीचे रोज थोडे थोडे चित्रण केले आणि जेमतेम मिनिटभराचा लघुपट तयार करून दाखवला. बीजातून अंकुर फुटून रोप डोलू लागलेले पाहिल्यावर पैसे देणाऱ्याचा विश्वास बसला. विम्याच्या पॉलिसी गहाण पडल्या आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये फाळके लंडनला निघाले.

तिथे त्यांचा अनुभव संमिश्र होता. बायोस्कोप साप्ताहिकाच्या संपादकाने आधी त्यांना या फंदात पडू नका असे सांगितले. इंग्लंडमध्येच अनेक निर्माते बुडाले आहेत, शिवाय हिंदुस्थानचे हवामान अनुकूल नाही, असा त्याचा सूर होता. समोरच्या माणसाचा ध्यास पाहिल्यावर मात्र त्यानेच सेसिल हेपवर्थ या नामांकित निर्मात्याशी त्यांची गाठ घालून दिली. हेपवर्थने आपला स्टुडिओ मोकळेपणाने दाखवला. साम्राज्याच्या राजधानीत एका अनोळखी हिंदुस्थानी माणसाला कारागीर म्हणून जी वागणूक मिळाली, ती पुढे मायदेशात त्याच्या नटांच्या वाट्याला आली नाही, हे लक्षात घेण्यासारखे आहे. विल्यमसन कॅमेरा, फितीला छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कच्च्या फिल्मची मागणी नोंदवून १ एप्रिल १९१२ रोजी ते मुंबईला परतले.

हरिश्चंद्राचा कारखाना

दादरमध्ये मथुरादास यांच्या बंगल्याच्या आवारात पहिला स्टुडिओ उभा राहिला. कथा निवडली राजा हरिश्चंद्राची. मराठी, गुजराती, हिंदी अशा सर्व भाषिकांना ती ठाऊक होती. मूकपटाला अशीच कथा हवी होती.

या कथेतच त्या काळच्या समाजरचनेचे प्रतिबिंब होते. सत्यासाठी राज्य सोडलेल्या राजाला स्मशानात डोंबाची चाकरी करावी लागते. राजाच्या अधःपाताची खोली मोजण्यासाठी कथाकाराने जे माप वापरले, ते एका जातीचे होते. फाळके यांनी ते तसेच पडद्यावर आणले. त्यांना पुराणकथा जिवंत करायची होती, तिची चिकित्सा करायची नव्हती. त्यांच्या थोरवीची नोंद घेताना ही मर्यादाही नमूद करायला हवी.

खरा संघर्ष होता तो माणसे मिळवण्याचा. हरिश्चंद्राच्या भूमिकेसाठी दत्तात्रेय दाबके मिळाले. रोहिदास पडद्यावर मरतो, म्हणून आपला मुलगा द्यायला कोणी तयार होईना. ती भूमिका फाळके यांनी आपल्या भालचंद्रला दिली. स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांनी मिशा काढायला नकार दिला. वडील गेल्यावरच मिशी उतरवायची, ही रूढी आड आली आणि एकेकाची समजूत घालता घालता दिवस गेले.

चित्रपटात काम करतो असे सांगण्याची सोय नव्हती. तसे कळले की घरची मंडळी नाराज, सोयरिकी मोडण्याची भीती. म्हणून कुणी विचारलेच तर हरिश्चंद्राच्या कारखान्यात नोकरी करतो असे सांगा, अशी सूचना फाळके यांनी आपल्या माणसांना दिली होती. कारखान्यातील नोकरी अब्रूची आणि कला बेअब्रूची, हा त्या काळचा हिशेब होता. पहिल्या भारतीय चित्रपटाचा संच असा खोट्या ओळखीच्या आडोशाने काम करीत होता.

तारामती झालेले अण्णा साळुंके यांची शरीरयष्टी सडपातळ आणि हात नाजूक होते. उपाहारगृहात महिना दहा रुपये मिळवणाऱ्या या तरुणाला फाळके यांनी पंधरा रुपये देऊ केले. रंगभूमीवर पुरुषाने स्त्रीभूमिका करणे मराठी प्रेक्षकाला नवे नव्हते. बालगंधर्वांचा तो उमेदीचा काळ होता. पण नाटकाचे दिवे आणि कॅमेऱ्याची नजर यांत फरक असतो. जवळून पाहणाऱ्या कॅमेऱ्यासमोर पुरुषाची स्त्री करणे हे फाळके यांना मनापासून पटले नव्हते. ती तडजोड होती.

या कारखान्यात एक स्त्री मात्र पहाटेपासून रात्रीपर्यंत राबत होती. सरस्वतीबाई रोज साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करीत, कपडे धूत, रात्री दिव्याच्या मंद उजेडात फितीला छिद्रे पाडीत, रसायने कालवीत, चित्रणाच्या वेळी उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत. अडचणीच्या वेळी त्यांचे दागिनेही कामी आले. पडद्यावर स्त्री दिसत नव्हती, तेव्हा पडद्यामागे हे सारे एक स्त्री सांभाळत होती.

बाह्यचित्रणासाठी मंडळी वांगणीस गेली, तेव्हा तलवारी-भाले घेतलेल्या या टोळीला पाहून गावकऱ्यांनी दरोडेखोर आल्याची वर्दी पोलिसांना दिल्याची हकीकत प्रसिद्ध आहे. सुमारे सात महिन्यांच्या कष्टांनंतर ३,७०० फूट लांबीचा चित्रपट तयार झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिम्पिया थिएटरमध्ये निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. जाहिरातीत त्यासोबत एका परदेशी नर्तिकेचे नृत्य, विनोदी नकला आणि पायांनी कसरत करणारा खेळाडू यांचीही नावे होती. प्रेक्षक परक्या करमणुकीसाठी येतो, हा चित्रपटगृहाचा समज. पण त्या दिवशीची गर्दी हरिश्चंद्रासाठी होती.

दुर्गाबाई आणि कमलाबाई

यश मिळाल्यावर फाळके यांनी नाशिकला बिऱ्हाड हलवले आणि ‘मोहिनी भस्मासुर’ हाती घेतला. या वेळी त्यांना खरी स्त्री मिळाली, तीही एक नव्हे, दोन. पार्वतीच्या भूमिकेत दुर्गाबाई कामत आणि मोहिनीच्या भूमिकेत त्यांची मुलगी कमला. भारतीय चित्रपटात भूमिका करणाऱ्या या पहिल्या स्त्रिया.

दुर्गाबाई पतीपासून विभक्त झाल्या होत्या. पदरात लहान मुलगी. त्या काळी अशा स्त्रीपुढे फार वाटा नव्हत्या. लोकांच्या घरी धुणीभांडी करावी, कुणाच्या आश्रयाने राहावे किंवा देह विकावा. दुर्गाबाईंनी चौथी वाट धरली आणि त्या फिरत्या नाटक मंडळीत दाखल झाल्या. ब्राह्मण स्त्रीने तोंडाला रंग लावला म्हणून समाजाने त्यांना वाळीत टाकले. मुलगी शाळेत न जाता नाटकाच्या बिऱ्हाडातच वाढली. कमलाबाईंनी मोहिनी रंगवली तेव्हा त्या जेमतेम तेरा वर्षांच्या होत्या.

नाटकाने आधीच बहिष्कृत केलेल्या स्त्रीलाच सिनेमात येणे शक्य झाले. जिच्याकडे गमावण्यासारखी प्रतिष्ठा उरली होती, ती आली नाही. भारतीय पडद्यावरची पहिली स्त्री समाजाच्या कौतुकाने तिथे पोचलेली नाही, समाजाने घराबाहेर काढल्यामुळे ती पोचली. याच कमलाबाई पुढे गोखले झाल्या; त्यांचे चिरंजीव चंद्रकांत गोखले आणि नातू विक्रम गोखले यांनी मराठी रंगभूमी आणि चित्रपट गाजवला. ज्या कुटुंबाला अभिनयासाठी वाळीत टाकले गेले, त्याच्याच नावाने पुढे अभिनयाचे घराणे ओळखले गेले.

मात्र दोघींच्या येण्याने रस्ता मोकळा झाला नाही. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये फाळके यांना पुन्हा साळुंके यांच्याकडेच वळावे लागले आणि त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका एकट्या साळुंके यांनी केल्या. त्यानंतर फाळके यांनी आपल्या घरातील मुलीला पुढे केले. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मधील बाळकृष्ण झाली त्यांची छोटी मंदाकिनी. कारखान्याची सबब सांगायला लावणाऱ्या माणसाने आपल्या मुलीचे नाव मात्र लपवले नाही.

लंडनचे आमंत्रण, नाशिकची ओढ

१९१४ मध्ये आपले चित्रपट घेऊन फाळके पुन्हा लंडनला गेले. तिथल्या जाणकारांनी त्यांच्या तांत्रिक कामाची वाखाणणी केली. इंग्लंडमध्येच राहून हिंदुस्थानी विषयांवर चित्रपट काढावेत, खर्च आम्ही करू, नफ्यात वाटा देऊ, असा प्रस्ताव हेपवर्थकडून आला. फाळके यांनी तो नाकारला. आपला धंदा आपल्या देशातच रुजला पाहिजे, या हट्टापायी त्यांनी सुखाची नोकरी सोडली. परतल्यावर मात्र हाती कर्ज आले. पहिले महायुद्ध पेटले होते, भांडवलदारांनी हात आखडते घेतले होते. नाशिकच्या संचाचे पगार थकले. लोकमान्य टिळकांनी त्यांच्या उद्योगाला भांडवल मिळावे म्हणून खटपट केली. ‘लंकादहन’ने अखेर पैसा दिला.

१९१८ मध्ये भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. पण कलावंत आणि पैसेवाले यांचे जुळले नाही. कंटाळून फाळके काशीला निघून गेले. तिथे त्यांनी ‘रंगभूमी’ नावाचे नाटक लिहिले. काही वर्षांनी ते कंपनीत परतले, तरी पूर्वीचा अधिकार परत आला नाही.

सरकारची नजर

पडद्याची ताकद आता राज्यकर्त्यांच्याही लक्षात आली होती. १९१८ मध्ये सिनेमॅटोग्राफ कायदा झाला आणि मोठ्या शहरांत परिनिरीक्षण मंडळे बसली. १९२१ च्या ‘भक्त विदुर’मध्ये महाभारतातील विदुराला गांधीजींसारखी टोपी आणि खादी चढवली गेली, तेव्हा मद्रास आणि कराचीत चित्रपटावर बंदी आली. फाळके यांनी रुजवलेल्या पौराणिक कथेच्या आडून राजकारण बोलता येते, हे दोन्ही बाजूंना कळले होते.

दुसरी चिंता अधिक बोचरी होती. अमेरिकन चित्रपटांत गोऱ्या स्त्रिया तोकड्या कपड्यांत, प्रणयप्रसंगांत दिसतात. ते पाहून नेटिवांच्या मनातील गोऱ्यांविषयीचा आदर ओसरेल, अशी ओरड साम्राज्याच्या पाठीराख्यांनी सुरू केली. ब्रिटिश चित्रपटांना हिंदुस्थानात झुकते माप मिळावे, हाही त्यामागचा हेतू होता. १९२७ मध्ये टी. रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली गेली. तिने १९२८ च्या अहवालात ब्रिटिश चित्रपटांना सवलत देण्याऐवजी देशी चित्रपटांना हात द्यावा, असे सुचवले. सरकारने त्याकडे फारसे लक्ष दिले नाही.

गंमत अशी, की याच दशकात मुंबई-कलकत्त्याच्या मूकपटांतील अनेक गाजलेल्या नायिका अँग्लो-इंडियन आणि ज्यू होत्या. रुबी मायर्स पडद्यावर सुलोचना झाली, रेनी स्मिथ सीतादेवी झाली. हिंदू घरांतून स्त्रिया येत नव्हत्या, म्हणून ज्यांना समाजाने परके मानले त्यांनी सती-सावित्रींची नावे आणि वेष धारण केले. गोऱ्यांच्या क्लबातही ज्यांना पूर्ण प्रवेश नव्हता आणि हिंदू घरांच्या माजघरातही नव्हता, अशा मुलींच्या जोरावर पडद्यावरची भारतीय नारी उभी राहिली. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी १९२० च्या ‘सैरंध्री’त दोन स्त्रियांना भूमिका दिल्या, तेव्हा त्यांनाही आपल्या लोकांनी दूर लोटले आणि स्टुडिओतच आसरा शोधावा लागला.

अखेरची वर्षे

बोलपट आला आणि फाळके यांचे युग मागे पडले. त्यांचा शेवटचा मूकपट ‘सेतुबंधन’ पुढे आवाज जोडून दाखवावा लागला. १९३७ मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट आला आणि त्यानंतर ते निवृत्त झाले. नव्वदहून अधिक चित्रपट आणि पंचवीसहून अधिक लघुपट नावावर असलेल्या या माणसाची अखेरची वर्षे नाशिकमध्ये हलाखीत, बऱ्याच अंशी विस्मृतीत गेली. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचे निधन झाले.

तोवर समाज थोडा हलला होता. १९३२ मध्ये प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट काढला. कथा तीच, हरिश्चंद्राची. तारामती होत्या दुर्गा खोटे. मुंबईतील प्रतिष्ठित, सुशिक्षित घरातील या तरुणीलाही आधीच्या वर्षीच्या पहिल्या चित्रपटाने लोकनिंदा सोसायला लावली होती, पण तारामतीने तिला मान दिला. ग्रँट रोडच्या उपाहारगृहातून आलेल्या तारामतीपासून महाविद्यालयात शिकलेल्या तारामतीपर्यंत यायला एकोणीस वर्षे लागली.

फाळके समाजसुधारक म्हणून या क्षेत्रात उतरले नव्हते. स्त्रियांना न्याय द्यावा म्हणून त्यांनी दुर्गाबाईंना बोलावले नाही. चित्र खरे दिसावे म्हणून बोलावले. जातीच्या उतरंडीला त्यांनी हात लावला नाही. पण खरेपणाचा आग्रह धरणाऱ्या माणसाला रूढी कुठे ना कुठे आडवी येते आणि त्याला ती ओलांडावी लागते. त्याची किंमत मात्र त्याच्याइतकीच, किंबहुना त्याच्याहून अधिक, त्याच्यासोबत उभ्या राहिलेल्यांनी मोजली. इतिहासात फाळके यांचे नाव मोठ्या अक्षरांत आहे. दुर्गाबाईंचे अगदी बारीक.

आज मीरा रोड, भाईंदर, नायगाव या पट्ट्यात मालिका आणि चित्रपटांवर पोट असलेली असंख्य कुटुंबे राहतात. पहाटेच्या लोकलने किंवा रिक्षाने चित्रीकरणाला निघणाऱ्या नृत्यांगना, रंगभूषाकार, कनिष्ठ कलाकार यांत स्त्रियांची संख्या लक्षणीय आहे. कामाचे ठिकाण लपवण्यासाठी त्यांना कारखान्याची सबब सांगावी लागत नाही. तरीही लग्नाच्या बोलणीत किंवा भाड्याचे घर शोधताना व्यवसाय सांगण्यापूर्वी अडखळणारी मुलगी अजून पूर्णपणे दिसेनाशी झालेली नाही. हरिश्चंद्राच्या कारखान्याचा भोंगा कुठेतरी अजून ऐकू येतो तो असा.

१९६९ मध्ये केंद्र सरकारने चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च सन्मान फाळके यांच्या नावे सुरू केला. तो पहिल्यांदा मिळाला देविका राणी यांना. ज्या माणसाला मुंबईभर हिंडून एक तारामती मिळाली नव्हती, त्याच्या नावाचा पहिला पुरस्कार एका अभिनेत्रीने स्वीकारला.